जिन्यावरची पाठमोरी

१

महाळुंग्याच्या एका बंद पडलेल्या कारखान्याच्या शेडमध्ये अमेरिकेतला बंगला उभा होता, आणि त्या बंगल्याच्या जिन्याखाली वर्षाली सुरवसे मरून पडलेली सापडली. बंगला प्लायवूडचा, सिनेमासाठी बांधलेला. मुंबईच्या स्टुडिओंचं भाडं परवडेना आणि इथल्या शेडची उंची बघून दिग्दर्शकाचे डोळे दिपले, म्हणून हॉलिवूड चाकणच्या वाटेला आलं होतं.

वर्षाली तिथे नायिकेची डबल होती. म्हणजे काय, तर जिथे नायिकेला खरचटायची भीती, तिथे तिचे कपडे घालून, सोनेरी केसांचा टोप चढवून, कॅमेऱ्याकडे पाठ करून ही पोरगी उभी राहायची. एरवी जवळच्याच एका कंपनीत ती गाड्यांच्या वायरींचे जुडगे बांधायची. त्या दिवशी म्हणे शूटिंगला सुट्टी होती. पोरगी मागच्या दारानं आत शिरली, नायिकेची मोत्यांची माळ उचलली आणि घाईघाईत उतरताना तिचा पाय घसरला. सिनेमावाल्यांनी असं सांगितलं, माळही तिच्या जेवणाच्या डब्यात निघाली, पोलिसांनी लिहून घेतलं आणि सगळे मोकळे झाले.

तिची आई तेवढी मोकळी झाली नाही. कुरुळीहून बस बदलत ती चिंचवड स्टेशनला आली आणि झेरॉक्सच्या दुकानावरचा अरुंद जिना चढून जयमाला थिगळेंच्या कचेरीत येऊन बसली.

जयमालाबाई पूर्वी पोलिसात हवालदार होत्या. आता लग्नाआधीच्या चौकशा करायच्या. मुलगा पितो का, आधीचं लग्न लपवलंय का, कंपनीत पर्मनंट आहे की नुसताच पर्मनंट म्हणून सांगतो, असल्या. बाई तोंडाच्या फटकळ होत्या, पण त्यांच्याकडून कुणाचं वाकडं झालं असं पिंपरी-चिंचवडात कुणी म्हणणार नाही.

"पोरगी गेली ती गेली, बाई," सुमनताई म्हणाल्या. औशाकडची बोली, आवाज खाली. "पर तिला चोर म्हणायलेत. दहाव्याला शेजारचं एक माणूस आलं न्हाई. धाकटीला शाळेत पोरी चिडवायल्यात. माझी लेक चोर नव्हती येवढं कुणीतरी लिहून द्यावं, दुसरं काय नको मला."

"आणि चौकशीत चोर निघाली तर?"

"तर ते बी सांगा. पर खरं बघून सांगा."

हे उत्तर जयमालाबाईंना आवडलं. त्यांनी खुर्ची पुढे ओढली आणि विचारायला सुरुवात केली. अंगावर कपडे कुठले होते? तिचेच, कंपनीतून सुटल्यावर घालायचे ते. अंगावर आणखी काही वेगळं?

"न्हाई. चमकीवर तेवढी चिकटपट्टी होती. कंपनीत लावतेत की. आंघोळ घालताना म्या काढली."

जयमालाबाईंनी मान हलवली. कंपन्यांमध्ये धातूचं काही अंगावर चालत नाही, आणि लहानपणी टोचलेली चमकी काही निघत नाही, म्हणून पोरी नाकावर पट्टी लावतात. या भागात दर दुसऱ्या पोरीच्या नाकावर ती दिसते. त्यात विचारण्यासारखं काय, म्हणून बाई पुढच्या प्रश्नाकडे वळल्या. सगळ्यांनी केली तीच चूक त्यांनीही केली.

२

दुसऱ्या दिवशी बाई स्कूटरवरून महाळुंग्याला गेल्या. कंटेनरच्या रांगेतून वाट काढता काढता त्यांनी चार ड्रायव्हरांचा उद्धार केला, तेव्हा कुठे शेडचं गेट दिसलं.

आत सुतार जिना मोडत होते. संगमरवरासारख्या रंगवलेल्या पायऱ्या एकावर एक रचून ठेवल्या होत्या. मृत्यूची जागा बघायला आलेल्या बाईंचा विरस झाला.

"एवढी घाई कसली?" त्यांनी विचारलं.

"जिन्याचं काम झालं म्हनलं सायेब," सुतार म्हणाला. "आता हितं हॉटेल उभं करायचंय."

दिग्दर्शकाचं नाव दिग्विजय. चाळिशीचा, मृदू बोलणारा, समोरच्याला आधी खुर्ची देणारा माणूस. वर्षालीचं नाव निघताच त्यानं डोळे मिटून घेतले. फार वाईट झालं, म्हणाला. मग कॉफी आली आणि बोलणं सिनेमावर गेलं.

"जुन्या हॉलिवूडमध्ये स्टुडिओ म्हणजे संस्थानच असायचं, जयमालाताई. नटीचं नाव बदलायचे, कपाळावरचे केस उपटून कपाळ मोठं करायचे. तिनं लग्न कुणाशी करायचं, मूल होऊ द्यायचं की नाही, तेही मालक ठरवायचा. आणि काही भानगड झालीच, तर पोलिसांच्या आधी स्टुडिओचा माणूस तिथं पोहोचायचा."

"आणि आता?"

"आता जगभरचे दिग्दर्शक त्यावर सिनेमे करतायत. ज्यांची नावं पुसली गेली त्यांची बाजू मांडणारे. माझाही त्यातलाच. आपल्याकडची एक मुलगी तिथं जाऊन गोरी म्हणून खपवली जाते. तिचं नाव, तिची आई, सगळं लपवलं जातं. तिची एक गरीब डबल असते. ती जिन्यावरून पडून मरते आणि स्टुडिओ ते दाबून टाकतो. ते पडणं म्हणजे माझ्या सिनेमाचा कळस आहे."

"असले दोन-तीन मी बघितलेत. जावयानं टीव्हीवर लावून दिले होते."

"कसे वाटले?"

"पापं दाखवतात खरी. पण उजेड असा छान सोडतात की बघणाऱ्याला वाटतं, आपणही तिथंच असायला हवं होतं."

दिग्विजय मनापासून हसला. "तुम्ही समीक्षक व्हायला हवं होतं." मग तो उजेडाबद्दल बोलू लागला. या शेडच्या पत्र्यात वर काचा आहेत, सकाळचं कोवळं ऊन तिथून जिन्यावर तिरकं उतरतं, तसा उजेड लाखाचा दिवा लावूनही मिळणार नाही. बोलताना त्याचा चेहरा खुलला होता. गेलेल्या पोरीबद्दल तो दोन वाक्यं बोलला होता आणि उन्हाबद्दल मात्र त्याची कॉफी निवेपर्यंत.

"मग आता त्या कळसाचं काय करणार?" बाईंनी विचारलं. "पडणारीच गेली."

"बघू," तो म्हणाला. "काहीतरी मार्ग काढू."

बाहेर आल्यावर जयमालाबाई थोडा वेळ स्कूटरला टेकून उभ्या राहिल्या. आत काहीतरी जुळत नव्हतं, पण काय ते त्यांना सापडेना.

३

सिनेमाचा सगळा कारभार बघणारा जयसिंग भोसरीचा, तो शेडच्या दारातच भेटला. फोनवर एकाशी, हातवारे करून दुसऱ्याशी आणि डोळ्यांनी तिसऱ्याशी बोलणारा.

"ताई, सुट्टी होती राव त्या दिवशी. कुणाला बोलावलंच नव्हतं. आता पोरगी मागनं शिरली, त्याला आम्ही काय करणार?"

"माळ खरी होती का?"

"छे. काचेचे मोती."

"मग काचेची माळ चोरून ती काय करणार होती?"

"तिला काय माहीत काचेची आहे ते?"

"डबल होती ना ती? नायिकेच्या गळ्यात जी माळ, तीच हिच्याही गळ्यात. इतके दिवस गळ्यात घालून तिला वजन कळलं नसेल?"

जयसिंगचा फोन वाजत होता. त्यानं तो उचलला नाही. "लोभ, ताई," एवढंच म्हणाला आणि दिवेवाल्यांवर ओरडायला निघून गेला. कपाळावर त्याला घाम फुटला होता. पाणी कुठेतरी मुरतंय, हे आता बाईंना पक्कं कळलं.

गेटवर वॉचमन भिमाजी चहा करत होते. महाळुंग्याचेच जुने रहिवासी; या शेडखालची जमीन कधीकाळी त्यांच्या चुलत्याची होती म्हणे. त्यांनी बाईंना स्टूल दिलं.

"तुम्हीच बघितलंत ना तिला आधी?"

"व्हय. मला सकाळची सुट्टी दिल्ती सायबांनी. आलो तर ही पडल्याली. हात लावला तर गार." भिमाजींनी चहा गाळायचा थांबवला. "लई गुणाची पोर व्हती, ताई. मामा मामा करायची. डब्यातलं भाकरी-ठेचा मला काढून द्यायची."

"मग चोरी कशी केली तिनं?"

"आमाला बी न्हाई उमगलं. पर माळ घावली न्हवं का. पिक्चरमंदी बी तसंच हाय बगा, म्हनून तर मला तवाच कसंनुसं झालं."

"पिक्चरमध्ये काय आहे?"

"तालीम बगितलिया मी. ती डबल पडती. मग त्या स्टुडिओचा यक टोपीवाला येतो. तिच्या अंगावरचा झगा काढून तिला तिची सादी कापडं घालतो अन् हिरोइनीची माळ तिच्या पिशवीत सारतो. म्हंजी पोलिसांस्नी वाटावं, चोरी कराया आल्ती."

बोलता बोलता भिमाजींचं तोंड उघडंच राहिलं. आपण काय बोललो ते त्यांना तेव्हा उमगलं असावं. हातातलं गाळणं खाली ठेवून ते शेडकडे बघत राहिले.

४

पण सिनेमातल्या प्रसंगावरून कुणाला अटक होत नाही. खरंच सुट्टी असेल, तर त्या प्रसंगाला काही अर्थ नव्हता. वर्षाली त्या सकाळी कामासाठी आली होती की चोरीसाठी, हे ठरवायला हवं होतं, आणि बाईंच्या हातात तसं काहीच नव्हतं.

दुपारी शिफ्ट सुटायच्या वेळेला त्या वर्षालीच्या कंपनीच्या गेटवर जाऊन उभ्या राहिल्या. पोरींचा लोंढा बाहेर आला. पोरी एकामागून एक गेटजवळच्या विजेच्या खांबापाशी थांबत होत्या, नाकावरची पट्टी सोलून काढत होत्या, खांबाला चिकटवत होत्या आणि रिक्षाकडे पळत होत्या. अख्खा खांब पट्ट्यांनी निळाशार झाला होता.

दिपाली नावाची मुलगी वर्षालीच्या शेजारी काम करायची. वर्षालीचं नाव काढताच तिच्या डोळ्यांत पाणी आलं.

"त्या दिवशी आम्ही रात्रीची थर्ड शिफ्ट करून सकाळी सुटलो. उभ्या उभ्या पेंगत होती ती. बसमध्ये नाही आली, रिक्षानं गेली. कुठं ते नाही बोलली."

"हे खांबाचं काय प्रकरण आहे?"

दिपाली रडता रडता हसली. "काही नाही ओ, आमची आपली पद्धत. पट्टी घरी नेली की दुसऱ्या दिवशी ओव्हरटाइम गळ्यात पडतो, असं म्हणतात सगळ्या. म्हणून कुणी नेत नाही. विसरलं तर पोरी अर्ध्या वाटेतून परत येतात."

"वर्षालीनं लावली होती त्या सकाळी?"

"माझ्या पट्टीच्या शेजारीच."

खांबाकडे बघतच जयमालाबाईंनी सुमनताईंना फोन लावला.

"ताई, चमकीवरची पट्टी. रंग कुठला होता?"

"रंग?" सुमनताई गोंधळल्या. "अंगाचाच की. आधी दिसली बी नव्हती मला. ओल्या फडक्यानं तोंड पुसाय लागले तवा हाताला लागली."

"वर काही लावलं होतं?"

"पावडरीवानी होतं कायतरी. फडक्याला लागलं."

कंपनीची पट्टी निळी असते, कारण सुपरवायझरला ती लांबून दिसावी लागते. वर्षालीच्या नाकावर सापडलेली पट्टी दिसू नये म्हणून लावलेली होती, आणि दिसू नये म्हणून वर रंगही लावला होता. ज्या नटीची ही डबल, तिच्या नाकात चमकी नव्हती, आणि पाठमोऱ्या डबलचंही तोंड कधी चुकून वळतं; तेव्हा कॅमेऱ्यासमोर जायचं असेल तरच हा उपद्व्याप. चोरी करायला निघालेली पोरगी नाक कशाला रंगवत बसेल? आणि कंपनीतून तर ती मोकळ्या नाकानं निघाली होती. म्हणजे शेडमध्ये त्या सकाळी कुणीतरी तिचा मेकअप केला होता.

५

मेकअप करणारी स्वरूपा राजगुरुनगरची. बाजारपेठेत तिचं पार्लर होतं. लग्नसराईत नवऱ्या सजवायची आणि एरवी सिनेमावाल्यांकडे जायची. बाई आत शिरल्या तेव्हा दुकानात दुसरं कुणी नव्हतं.

"त्या दिवशी सुट्टी होती," विचारण्याआधीच ती म्हणाली.

"तेच ऐकायला मी आले नाही. बस." जयमालाबाईंनी स्वतःच दार लोटून घेतलं. "चमकीवरची पट्टी तू लावलीस. पोलिसांनी बघितली असेल, दवाखान्यात बघितली असेल, तिच्या आईनं तर हातानं काढली. सगळ्यांना वाटलं, कंपनीची. आपल्या भागात पोरीच्या नाकावर पट्टी दिसली की कोणी दुसऱ्यांदा बघत नाही. मीही नाही बघितलं."

स्वरूपा खुर्चीच्या कडेला टेकली.

"मला एकच कळत नाही. तू टोप काढलास, तोंड पुसलंस, झगा उतरवून तिचे कपडे घातलेस. तुझे हात सराईत आहेत. मग एवढी पट्टीच कशी विसरलीस?"



"विसरले नाही," स्वरूपा म्हणाली. "जयसिंगभाऊ डोक्यावर उभे होते. सगळं काढ म्हणाले. मी सगळं काढलं, तेवढी पट्टी ठेवली. वाटलं, कुणीतरी बघेल आणि विचारेल. इतके दिवस वाट बघतेय. तुम्ही पहिल्या."

मग तिनं सांगितलं. माणसं चारच होती. दिग्विजयनं स्वतः कॅमेरा घेतला होता. पडण्याचा प्रसंग शिकवायला मुंबईहून माणूस येणार होता, पण तो पुढच्या आठवड्यात, आणि ढग यायला लागले तर ऊन जाईल म्हणून दिग्विजय थांबायला तयार नव्हता. जिन्याखाली गादी टाकून एकदा झालं, चांगलं झालं. पण गादीचा कोपरा दिसत होता. गादी काढा, म्हणाला.

"वर्षाली म्हणाली, सर, रात्रभर उभी होते, पाय थरथरतायत, उद्या करू. सर म्हणाले, उद्या हा उजेड नसेल. मी मध्ये बोलायला पाहिजे होतं. मला पुढच्या सिनेमाचं काम देणार होते. मी नाही बोलले."

"पडल्यावर जीव होता?"

स्वरूपानं मान खाली घातली. "पाणी मागत होती. मी बाटली घ्यायला वळले, तर म्हणाले, आधी कपडे."

"कोण म्हणालं? जयसिंग?"

"जयसिंगभाऊंनी तर तेव्हा हातपाय गाळले होते, ढसाढसा रडत होते; माझ्या डोक्यावर येऊन उभे राहिले ते नंतर. दिग्विजय सर म्हणाले. अगदी शांतपणे म्हणाले, सीनमध्ये आहे तसं करा."

जयमालाबाईंनी नोकरीत वाईट माणसं पुष्कळ बघितली होती. दारू पिऊन मारणारे, हुंड्यासाठी जाळणारे. पण पाणी मागणाऱ्या पोरीचे आधी कपडे बदलणारा माणूस त्यांनी बघितला नव्हता. त्यांना रडू येत होतं आणि स्वरूपाच्या थोबाडीतही द्यावीशी वाटत होती, आणि दोन्हींपैकी काहीच न करता त्या तशाच बसून राहिल्या.

"मी पोलिसांत सांगेन," स्वरूपा म्हणाली. "पण माझ्या एकटीच्या शब्दाला काय किंमत? ते म्हणतील, ही खोटं बोलतेय. माळ तिच्या डब्यात निघाली, हे तर कागदावर आहे."

ते खरंच होतं. आणि त्याच क्षणी, शेडमध्ये जे जुळत नव्हतं ते बाईंना सापडलं.

६

दिग्विजय हॉटेलच्या नव्या सेटवर पडद्यांचे रंग ठरवत होता. जयमालाबाईंबरोबर ठाण्यातले साहेब आणि दोन शिपाई बघून त्यानं हातातले कापडाचे तुकडे बाजूला ठेवले आणि सगळ्यांना खुर्च्या मागवल्या. बसलं कुणीच नाही.

स्वरूपाचा जबाब झाल्याचं साहेबांनी सांगितलं. दिग्विजयनं कानावर हात ठेवले. "बिचारी घाबरली असेल. पण त्या दिवशी शूटिंगच नव्हतं, तर मी काय सांगू?"

"मग जिना का मोडलात?" जयमालाबाईंनी विचारलं.

"म्हणजे?"

"जिन्यावरून पडणं हा तुमच्या सिनेमाचा कळस, तुम्हीच म्हणालात. पोरगी गेली आणि तुम्ही म्हणता, ते बाकीच आहे, बघू काहीतरी. बाकी असताना कोणी जिना मोडतो का? दुसरी डबल आणली असती, घ्यायचं तेव्हा घेतलं असतं. तुम्ही सुतारांना सांगितलंत, जिन्याचं काम झालं. झालं कधी?"

जयसिंग लांब उभा होता. त्यानं खिशातला वाजणारा फोन बंद केला.

"असं धरून चाला की झालं होतं," दिग्विजय हळू म्हणाला. "तरी ते मी ठेवीन कशाला? एवढा मूर्ख वाटतो का मी तुम्हाला?"

"मूर्ख नाही. पण तुम्ही माझ्याशी पोरीपेक्षा उन्हाबद्दल जास्त बोललात. ते ऊन तुमच्या हातून पुसलं जाणार नाही."

दिग्विजयनं त्यांच्याकडे बघितलं. पहिल्यांदाच त्याच्या तोंडावर राग आला आणि मग तो उतरला. त्यानं खांद्यावरची पिशवी काढली, आतली काळी डिस्क काढून टेबलावर ठेवली.

"एकदा बघा तरी," तो म्हणाला. "असा शॉट आपल्याकडे आजवर कुणी घेतलेला नाही."

जयमालाबाईंनी डिस्क साहेबांकडे सरकवली. "त्या जुन्या स्टुडिओवाल्यांना तुम्ही इतक्या शिव्या देता," त्या म्हणाल्या, "आणि त्यांच्याकडून शिकलात तेवढं दुसऱ्या कुणाकडून नाही शिकलात."

७

ठाण्यात वेगळीच अडचण उभी राहिली. डिस्कवर पडण्याचा शॉट होता, पण दिग्विजयचा वकील म्हणाला, ही वर्षालीच कशावरून? झगा नायिकेचा, केस सोनेरी, आणि सुरुवातीपासून शेवटपर्यंत बाई पाठमोरी. शॉट तसाच हवा होता दिग्विजयला, डबलचा चेहरा कुठेच दिसू नये असा. तारखेचं काय, कॅमेऱ्याचं घड्याळ चुकतं. ही दुसरी डबल आहे आणि शॉट आधीच्या महिन्यातला आहे, असं वकिलाचं म्हणणं.

साहेबांनी सुमनताईंना बोलावलं. त्यांना हे दाखवायचं, या कल्पनेनंच जयमालाबाईंचा जीव वरखाली होत होता. त्यांनी साहेबांना आधीच बजावलं होतं, तोल जाण्याआधी थांबवा, पुढचं आईला दाखवायचं नाही.

पडद्यावर जिना आला. वरून तिरकं ऊन उतरत होतं आणि त्यात धूळ तरंगत होती. पांढऱ्या झग्यातली एक गोरी मेम कॅमेऱ्याकडे पाठ करून कठड्याशी उभी होती. मग ती वरच्या सज्जातून जिन्याच्या टोकाकडे चालू लागली. दिग्विजय खोटं बोलत नव्हता, शॉट फार सुंदर होता. जयमालाबाईंना त्याच गोष्टीचा सगळ्यात जास्त संताप आला.

साहेबांनी चित्र थांबवलं. "ताई, चेहरा दिसत नाही, कळतंय मला. घाई नाही. काही ओळख पटते का?"

सुमनताई उठून पडद्याजवळ गेल्या.

"परत एकदा चालवा तिला," त्या म्हणाल्या.

साहेबांनी परत लावलं. मेम परत चालली.

"वर्षालीच हाय."

"कशावरून, ताई? मला लिहावं लागेल."

"कमरेत एका अंगाला कलती, बघा. धाकटी झाली तवा आम्ही ऊसतोडीला होतो. ही येवढीशी, पर दिवसभर तिला काखेला मारून हिंडायची. तवापासून चाल तसलीच. डॉक्टर म्हणला, हाड तसंच वाढलं." त्यांनी पडद्यावरच्या झग्याकडे बोट दाखवलं. "काखेत लेकरू नसलं तरी लेकरू असल्यावानी चालती ती."

साहेबांनी कॉम्प्युटरवरच्या शिपायाला खूण केली. दवाखान्यातून वर्षालीचा जुना एक्स-रे मागवायला सांगितलं. वकिलानं पुढ्यातली वही मिटली.

"देखणी दिसायली," सुमनताई म्हणाल्या. "मला म्हणायची, आई, यकदा येऊन बघ. म्या कधी गेले न्हाई. मला वाटायचं, हे पिक्चरचं खूळ बरं न्हवं." मग त्या साहेबांकडे वळल्या. "सायेब, आता लिवा. चोरी कराय गेल्ती ते खोडा, अन् तिचं पुरं नाव घालून लिवा."

शिपायानं टाइप केलं. कागद बाहेर आल्यावर साहेबांनी तो सुमनताईंना वाचून दाखवला. त्यात बाकी पुष्कळ होतं, कलमं, तारखा, जागा. सुमनताईंनी ते सगळं जाऊ दिलं आणि एका ओळीवर हात वर केला.

"येवढं परत वाचा."

"वर्षाली भारत सुरवसे ही त्या सकाळी चित्रीकरणाच्या कामावर हजर असताना..."

"कामावर," सुमनताई म्हणाल्या.

"हो, ताई. कामावर."

इतके दिवस ती बाई रडली नव्हती. आता तिथेच, ठाण्याच्या बाकावर बसून, पदर तोंडाला लावून ती रडू लागली, आणि जयमालाबाई तिला रडू देत शेजारी बसून राहिल्या.